तीस फुटी साखळी

लॉइड हॅगर्टीच्या गुडघ्यात स्टील बसवलं
म्हणून ऑगस्टअखेर ही काठी माझ्या हातात आली.
नारिंगी, माझ्याहून उंच, बुडाशी साखळी,
साखळीच्या दुसऱ्या टोकाला गावातला न्हावी, रस.
मधे बरोबर तीस फूट.
कॉलेजच्या प्रयोगशाळेत मी माती तपासते,
एवढीच माझी पात्रता.
"जमीन कळते ना तुला," लॉइड म्हणाला, "मग झालं."

चार प्रयत्नांत दहा यार्ड, हे मला पोरांनी शिकवलं.
लॉइडने शिकवलं एवढंच:
टाळी वाजवायची नाही.
पोरं आपली, कॉलेज आपलं, गाव आपलं,
साखळी कुणाची नसते.

यात मला नवं काही नव्हतं.
अण्णा भूमी अभिलेखात मोजणीदार होते.
त्यांची साखळी तेहतीस फुटी,
ही आयोवातली तीन फुटांनी आखूड.
मोजणीच्या दिवशी ते कुणाच्या ओट्यावर चहा घेत नसत,
ना अर्जदाराच्या, ना लगतवाल्याच्या.
पाणीसुद्धा घरचं, फिरकीच्या तांब्यातलं.
दोघे सख्खे भाऊ बांधावर श्वास धरून उभे,
आणि अण्णा खूण ठोकताना
कुणाच्याच तोंडाकडे बघत नसत.

सप्टेंबर. मैदानापलीकडे मका वाळून वाजायला लागला.
पहिला सामना एक्केचाळीस-तीन.
तीन आमचे.
दुसऱ्यात व्हँडरहायडनचं गळ्याचं हाड मोडलं,
आवाज मी ऐकला, काठी धरून.
त्याच्या जागी आला एमिट सोरेनसन,
गोठ्यावरचं पोर, अठराचं, मानेवर मुरुमं,
प्रत्येक सामन्याआधी पाण्याच्या टेबलामागे ओकायचा,
तोंड पुसायचा, आणि मला "मॅम" म्हणून आत जायचा.
तिसरा. चौथा.
ऑक्टोबरात माजी विद्यार्थी आले,
म्हातारे कोट, बँड, भोपळे, एक घोडा,
आणि मध्यंतरालाच निम्मे परत गाड्यांत.
कोच ब्रुनर ओरडायचा थांबला.
ते ओरडण्याहून वाईट.

सातवा सामना परगावी होता.
मी प्रयोगशाळेत माती चाळत होते, रेडिओ लावून.
शेवटच्या मिनिटाला एमिटने कुठूनसा
लांब फेकला, आणि निवेदकाचा आवाज फाटला.
जिंकले!
मी चाळणी टाकून टाळ्या वाजवल्या, मोठमोठ्याने,
एकटीच, हात मातीचे.
तिथे नियम नव्हता.

मग नोव्हेंबर. शेवटचा सामना, घरचा.
बर्फाखाली रेघा हरवल्या,
दोन माणसं फावड्यांनी त्या शोधत फिरत होती.
चार गुणांनी मागे, चौथा प्रयत्न, मिनिट राहिलेलं.
एमिट ढिगात घुसला.
ढीग हळूहळू उठला, एकेक हेल्मेट,
तळाशी तो, चेंडूला पोटाशी धरून.
पंचाने आम्हाला हात केला.

साखळी घेऊन आम्ही धावत आत गेलो, रस आणि मी.
चिमटा रेघेवर. रसने त्याची काठी टेकवली.
मी माझी ओढली, ताठ,
साखळीच्या कड्यांवर बर्फ किणकिणला.
सगळं मैदान वाकलं.
समोर दोन्हीकडची पोरं गुडघ्यांवर,
वाफाळणारी तोंडं, आणि एमिट
चेंडूकडे नाही, माझ्याकडे बघत होता.
ढील द्यायला किती लागतं?
मनगट. एवढंच.
मी खुणेकडे बघितलं.

चार बोटं कमी.

एक जिंकला, नऊ हरले.
दिवे एकेक करून विझले, रसने साखळी गुंडाळली,
पोरं रांगेने गेली, कुणी मला काही म्हणालं नाही,
म्हणजे एमिट म्हणाला, "थँक यू, मॅम,"
सवयीने असेल.

त्याची आई हंगामभर दर सामन्याला
कठड्यावरून थर्मास पुढे करायची,
आणि मी दर वेळी मान हलवायची.
आजही तिने पुढे केला.
डोळे लाल, झाकणात कोको, वर वाफ.

अण्णांनी घेतला असता का, ठाऊक नाही.
मी घेतला.
फार गोड होता.